पारलिंगी कलाकार आणि पडद्यावरची जवळीक : संमती नेमकी कशी आणि कधी घ्यायची? (नाशिक)

गोदाकाठ_फ्रेम
गंगापूर रोडची फार्महाऊसं, त्र्यंबक रस्त्यावरचे रिसॉर्ट, पंचवटीतले जुने वाडे. नाशिकमध्ये शूटिंगला जागांची कमी नाही. संहितांमध्ये ट्रान्स (पारलिंगी) पात्रं येत आहेत आणि ती भूमिका ट्रान्स कलाकारांनाच द्यावी, हेही आता अनेकांना पटतं. गाडी अडते ती जवळिकीच्या प्रसंगापाशी. संहितेत एकच ओळ असते, 'दोघं जवळ येतात. रात्र.' बाकीचं सेटवर बघू. आणि सेटवर बघायची वेळ येते तेव्हा रात्रीचे नऊ वाजलेले असतात, लाईटचं भाडं चढत असतं आणि पंचवीस माणसं खोळंबलेली असतात. त्या क्षणी मिळालेल्या 'हो'ला मी होकार मानत नाही.

या धाग्यात फक्त कामाची पद्धत लिहू या. कोणत्या दिवशी काय करायचं, कुठे चुकतं आणि का चुकतं. सुरुवात करतो.

प्रसंग फोडून लिहा. उदाहरणार्थ : 'अ पलंगाच्या कडेला. ब उजवा हात तिच्या डाव्या खांद्यावर ठेवतो, बोटं गळ्याच्या हाडापर्यंत, त्याखाली नाही. तीन श्वास. ती मान वळवते. चुंबन, तोंड बंद, चार मोजेपर्यंत. ती त्याच्या शर्टाची वरची दोन बटणं काढते. कट.' हे अर्धं पान कलाकाराला निवडीच्या वेळीच द्यायचं. ऑडिशनला कपडे उतरवणं नाही, चुंबन नाही, 'जरा जवळ येऊन दाखवा' तर अजिबात नाही. दुसऱ्यांदा विचारायचं शूटच्या किमान ४८ तास आधी, लेखी. अमेरिकेत कलाकारांच्या संघटनेच्या करारांतही नग्नतेच्या प्रसंगाला हीच ४८ तासांची पूर्वसूचना आहे. तिसऱ्यांदा त्याच दिवशी सकाळी, मेकअपच्या आधी. तिन्ही उत्तरं वेगळी असू शकतात आणि शेवटचं उत्तर चालतं.

सिडकोचा_संकलक
मूळ मुद्दा आधी स्पष्ट करा. इथे बोलतोय ते कथाचित्रपटातल्या जवळिकीबद्दल की प्रौढांसाठीच्या उघड चित्रपटांबद्दल? दुसऱ्या प्रकारात पारलिंगी कलाकारांना सर्रास विचारणा होते, 'ॲप'साठी म्हणून. तिथे कायदा काय म्हणतो?

कलम_आणि_कागद
उघड लैंगिक कृतीचं चित्रण इलेक्ट्रॉनिक माध्यमातून प्रसिद्ध करणं किंवा पाठवणं हा माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या कलम ६७अ खाली गुन्हा आहे. पहिल्या वेळी ५ वर्षांपर्यंत कैद आणि १० लाखांपर्यंत दंड. अश्लील साहित्याच्या विक्रीचं आणि प्रदर्शनाचं जुनं कलम २९२ आता भारतीय न्याय संहितेत २९४ झालं आहे, १ जुलै २०२४ पासून. मार्च २०२४ मध्ये केंद्राने अशा मजकुरावरून १८ ओटीटी मंच बंद केले होते. कलाकाराची संमती होती, हा यातल्या कशालाही बचाव नाही.

पण कलाकाराच्या बाजूने खरा धोका दुसराच आहे, आणि तो कुणी सांगत नाही. ज्या कराराचा उद्देशच बेकायदेशीर, तो भारतीय करार अधिनियम १८७२ च्या कलम २३ प्रमाणे शून्य असतो. म्हणजे पैसे बुडाले, ठरल्यापेक्षा जास्त करायला लावलं, चेहरा झाकतो म्हणून झाकला नाही, तरी त्या कागदाच्या जोरावर कोर्टात काही मागता येत नाही. कागद असूनही हात रिकामे. जबरदस्ती झाली असेल तर फौजदारी तक्रार अर्थातच करता येते, तो हक्क कुठेही जात नाही. पण 'बोल्ड आहे, करार करू, काळजी नको' असं कुणी म्हणालं तर त्या कराराची किंमत एवढीच, हे पारलिंगी मित्रमैत्रिणींना नक्की सांगा.

याच कायद्याचं कलम १३ मात्र प्रत्येक दिग्दर्शकाने भिंतीवर लावावं. दोन माणसांनी एकाच गोष्टीला एकाच अर्थाने मान्यता दिली, तर ती संमती. 'इंटिमेट सीन आहे' एवढं सांगून घेतलेली सही या व्याख्येत बसतच नाही, कारण सांगणाऱ्याच्या मनातला अर्थ वेगळा आणि ऐकणाऱ्याच्या मनातला वेगळा. म्हणून वर फ्रेमदादांनी लिहिलेलं अर्धं पान महत्त्वाचं.

गोदाकाठ_फ्रेम
आभार, वकीलसाहेब. म्हणजे धागा कथाचित्रपट, मालिका आणि नाटकापुरता. बाहेरच्या प्रौढ-चित्रपट व्यवसायातून जे शिकण्यासारखं असेल ते जाणकारांनी जरूर लिहावं.

रंगपट_खुर्ची
देह-नकाशाबद्दल लिहिते. कागदावर माणसाच्या आकृतीची बाह्यरेषा, एक पुढून, एक मागून. हिरवा म्हणजे स्पर्श चालेल, पिवळा म्हणजे आधी विचारून आणि फक्त ठरलेल्या पद्धतीने, लाल म्हणजे नाही. दोन्ही कलाकारांनी हे वेगवेगळ्या खोलीत भरायचं. दिग्दर्शक समोर नको, निर्माता तर नकोच. मग दोन्ही कागद एकावर एक ठेवून जेवढा भाग दोघांनाही मान्य आहे तेवढ्यातच हालचाली बसवायच्या. तिथे जागा कमी उरली तर प्रसंग बदलायचा, कागद नाही.

पारलिंगी कलाकाराच्या बाबतीत यात दोन गोष्टी वाढतात. पहिली, शब्द. आपल्या अवयवाला काय म्हणायचं हे तो कलाकार ठरवतो. ट्रान्स पुरुष 'छाती' म्हणत असेल तर कॅमेरामनपासून ड्रेसदादापर्यंत सगळ्यांनी 'छाती'च म्हणायचं. नकाशाच्या कागदावर वरच हे शब्द लिहून घ्या आणि सर्वनामही. दुसरी, लाल रंगाचं कारण विचारायचं नाही. जखमेचा व्रण असेल, शस्त्रक्रियेनंतर बधिर झालेली त्वचा असेल, किंवा फक्त नको असेल. 'का नाही?' या प्रश्नाला उत्तर द्यावं लागलं की कलाकाराला स्वतःचा वैद्यकीय इतिहास उघड करावा लागतो. शस्त्रक्रिया झाली आहे का, हा प्रश्न प्रसंगासाठी कधीच लागत नाही. कॅमेऱ्याला काय दिसणार आणि हाताला काय लागणार, एवढंच लागतं.

थांबवण्याचा शब्द संवादात नसलेला निवडा. 'थांब', 'नको' हे शब्द संवादात असतात, तिथे गोंधळ होतो. तोंड मोकळं नसेल तर तळहाताने दोन थापा. शब्द आला की कॅमेरा बंद, गाऊन अंगावर, आणि पहिल्या सहाय्यकाने 'काय झालं?' असं सगळ्यांसमोर विचारायचं नाही. समन्वयक (इंटिमसी कोऑर्डिनेटर, म्हणजे जवळिकीचे प्रसंग बसवणारा आणि कलाकाराची संमती जपणारा माणूस) बाजूला जाऊन बोलेल.

इंटिमसी कोऑर्डिनेटर नेमणं परवडत नाही ही अडचण मला मान्य आहे. आस्था खन्ना यांच्यामुळे हे काम आपल्याकडे माहीत झालं, पण प्रशिक्षित माणसं थोडी आणि तीही बहुतेक मुंबईत. तरी एक नियम पाळा : ही जबाबदारी अशा माणसाकडे द्या ज्याच्या हातात वेळापत्रक, पैसे किंवा पुढचं काम नाही. म्हणजे सहाय्यक दिग्दर्शक नको, निर्मिती व्यवस्थापक नको. त्या माणसाला 'आज हा सीन होणार नाही' असं म्हणायचा अधिकार लेखी द्या, नाहीतर तो फक्त गाऊन धरून उभा राहील.

सायखेडा_दवाखाना
शरीराच्या बाजूने काही गोष्टी, कारण इथे चांगल्या मनाची युनिटही चुकतात.

बाईंडर, म्हणजे छाती सपाट दिसावी म्हणून घालतात तो घट्ट कपडा, ८ तासांपेक्षा जास्त नको, एकावर एक दोन नकोत. कॉलटाईम सकाळी सातचा आणि प्रसंग रात्री नऊला असेल तर मधे काढायला वेळ आणि बंद खोली द्यावी लागते. आडवं पडण्याच्या, धावण्याच्या दृश्यात श्वास अपुरा पडतो. चिकटपट्टी वापरायची असेल तर खेळाडू लावतात ती ताणणारी कापडी पट्टी घ्या. साधी पॅकिंगची टेप किंवा क्रेप बँडेज छातीभोवती गुंडाळणं धोक्याचं, बरगड्यांवर दाब येतो. पट्टी छातीभोवती पूर्ण फिरवायची नाही. २४ तास आधी छोटा तुकडा लावून त्वचा तपासा. काढताना खोबरेल तेल लावून १० ते १५ मिनिटं थांबा, मग केसांच्या दिशेने सावकाश. घाईत ओढली की साल निघते आणि दुसऱ्या दिवशीचं शूट जातं.

ट्रान्स स्त्रिया टकिंग (जननेंद्रियाचा उभार दिसू नये म्हणून ते मागे बांधणं) करत असतील तर दर दोन तासांनी मोकळीक हवी. त्यात स्पायरोनोलॅक्टोन (टेस्टोस्टेरॉन रोखणारी गोळी) घेत असतील तर त्या गोळीने लघवी जास्त होते. अशा वेळी पाणी कमी प्यायला सांगणं ही क्रूर आणि चुकीची युक्ती आहे. ब्रेक वाढवा. संप्रेरकं सुरू करून थोडाच काळ झाला असेल तर छाती हुळहुळी असते, साध्या मिठीचा दाबही दुखतो. मिठी बाजूने बसवा.

आणि सगळ्यात महत्त्वाचं : 'शूटपुरती हार्मोन बंद करा' असं कुणीही सांगायचं नाही. प्रौढ चित्रपटांच्या व्यवसायात ट्रान्स स्त्रियांवर हा दबाव वर्षानुवर्षं आला, कारण इस्ट्रोजेन आणि टेस्टोस्टेरॉन रोखणारी औषधं घेतल्यावर ताठरता कमी होते आणि प्रेक्षकाला 'ठरावीक' शरीर हवं असतं. मोबदल्यासाठी औषध सोडायला लावणं याला संमती म्हणता येत नाही. कथाचित्रपटातही 'दाढीची खूट दिसली तर बरं, चार दिवस ठेवा' हे त्याचंच छोटं रूप आहे. त्या माणसाचे ते चार दिवस घराबाहेर कसे जातील याचा विचार करा.

मेनरोड_थिएटरवाला
सगळं वाचलं. तरी प्रामाणिकपणे विचारतो. चार मोजेपर्यंत चुंबन, तीन श्वास, बोटं इथपर्यंत. एवढं मोजूनमापून केल्यावर खरेपणा उरतो कुठे? नटाला क्षणात उत्स्फूर्त काही सुचलं तर?

रंगपट_खुर्ची
दादा, लावणीत एकेक पाऊल तोडलेलं असतं, म्हणून ती खोटी वाटते का? मारामारीच्या दृश्यात 'उत्स्फूर्त ठोसा' कुणी मागत नाही. जवळिकीतच तो मागितला जातो, कारण तिथे जखम दिसत नाही.

कामाच्या पातळीवर सांगते. हात कुठे जाणार हे माहीत नसलेला कलाकार सतत सावध असतो. खांदे वर चढतात, श्वास छातीच्या वरच्या भागात अडकतो, डोळे समोरच्याच्या हातावर जातात. कॅमेऱ्याला हेच दिसतं आणि प्रसंग खोटा वाटतो. हात नेमका कुठे थांबणार हे ठाऊक असलं की डोळे मोकळे होतात. उत्स्फूर्तता चेहऱ्यावर, नजरेत, वाक्याआधीच्या शांततेत येऊ द्या, तिथे कसलीही मोजणी लावू नका. स्पर्श ठरलेला, भावना मोकळी.

दुसरं, खरेपणा कॅमेरा कुठे ठेवता यावरही आहे. पारलिंगी शरीर 'उघड' होण्याचा धक्का हा शॉट कथेत असेल तर आधी तो काढा. तिथे प्रेक्षक पात्राबरोबर नसतो, पात्राकडे टक लावून बघत असतो. आणि ८५ मिमीची लेन्स घेतली तर कॅमेरा बराच मागे राहतो, ३५ ने क्लोजअप घ्यायला गेलात तर तो कलाकाराच्या तोंडापाशी येतो. मोकळा श्वास हवा असेल तर मागे व्हा. टेक तीन, फार तर चार. पाचव्याला सगळ्यांचाच कंटाळा दिसतो.

मेनरोड_थिएटरवाला
लावणीचं पटलं. एक भर घालतो. याच नाशिक जिल्ह्यात, त्र्यंबकेश्वरी जन्मलेल्या फाळक्यांच्या १९१३ च्या चित्रपटात तारामती साळुंके नावाच्या पुरुष कलाकाराने केली, आणि १९१७ मध्ये त्यांनीच एका चित्रपटात राम आणि सीता दोन्ही केले. कारण स्त्रिया पडद्यावर यायला तयार नव्हत्या. आज ट्रान्स कलाकार तयार आहेत, तरी सिसजेंडर (पारलिंगी नसलेल्या) नटाला साडी नेसवून उभं करतात. ती सबब आता उरलेली नाही.

दोन_चावीची_पेटी
मी जागा आणि फुटेज यावर लिहितो, कारण संमती मोडते ती बहुतेक वेळा पलंगावर नाही, बाजूच्या खोलीत.

फार्महाऊस घेतलंत तर पहिल्यांदा सीसीटीव्ही. हॉल, जिना, पोहण्याचा तलाव, कधी कधी खोलीबाहेरचा पॅसेज. मालकाच्या मोबाईलवर थेट दिसत असतं. भाडेकरारातच लिहून घ्या की त्या वेळेत रेकॉर्डर बंद राहील आणि वायर आपल्या माणसासमोर काढली जाईल. रखवालदार आणि त्याचं कुटुंब आवारातच राहतं, त्यांना आधी भेटून वेळ सांगा. खिडक्यांना काळं कापड बाहेरून, आतून लावलं तर फटी राहतात.

सेटवर गरजेपुरतीच माणसं : दिग्दर्शक, कॅमेरा, फोकस, बूम, समन्वयक, एक वेशभूषेचा. ही सहा आत आली की दार बंद. फोन पिशवीत, पिशवीवर क्रमांक. मॉनिटर एकच, त्यावर हूड. वायरलेस व्हिडिओ ट्रान्समीटर बंद करा, जोडलेला दुसरा रिसीव्हर व्हॅनमध्ये चालू राहिला तर बंद सेटला अर्थ उरत नाही. त्या प्रसंगाचं मेमरी कार्ड वेगळं, दोन एन्क्रिप्टेड डिस्कवर उतरवायचं, पासवर्ड दोघांकडेच. संकलकाला व्हॉट्सॲपवर रशेस (न कापलेलं कच्चं चित्रण) पाठवणं हा इथला सर्वात मोठा रोग आहे.

थंडीचंही बघा. डिसेंबर-जानेवारीत नाशिकचा पारा १० च्या खाली जातो. धरणाकडेच्या बंगल्यात उघड्या अंगावर काटा येतो, पट्ट्या थंड आणि तेलकट त्वचेवर धरत नाहीत. पंख्याचा हीटर आवाज करतो, साऊंडवाला बंद करायला लावतो. तेलाचा रेडिएटर हीटर एक तास आधी लावून खोली तापवा. टेकमध्ये गाऊन आणि ब्लँकेट दोन पावलांवर.

आणि मुक्काम. ओळखपत्रावरचं नाव, फोटो आणि समोरची व्यक्ती जुळत नाही म्हणून ऐन रात्री खोली नाकारली जाते. बुकिंग निर्मितीच्या नावावर करा, आधी स्वतः जाऊन बोला, वेगळी खोली द्या, आणि शूट संपल्यावर रिक्षा शोधायला लावू नका.

कलम_आणि_कागद
फुटेज बाहेर गेलं तर : स्त्रीच्या खाजगी क्षणाचं चित्रण हे न्याय संहितेचं कलम ७७. चित्रणाला संमती होती पण प्रसाराला नव्हती, तरी प्रसार हा गुन्हाच, असं त्यातच स्पष्ट केलं आहे. मात्र तिथे शब्द 'स्त्री' आहे. ट्रान्स पुरुषांसाठी आणि वाद टाळायचा असेल तर सगळ्यांसाठीच आयटी कायद्याचं ६६ई सोबत लावा, ते 'कोणत्याही व्यक्ती'ला लागू आहे. राष्ट्रीय सायबर गुन्हे पोर्टलवर तक्रार ताबडतोब. स्टॉप एनसीआयआय या सेवेवर फोटो अपलोड न करता त्याचा फक्त डिजिटल ठसा देता येतो, सहभागी मंच त्यावरून तो अडवतात. १८ पूर्ण असलेल्यांसाठी आहे.

करारात ट्रेलर, पोस्टर आणि थंबनेल यांसाठी वेगळी परवानगी घ्या. प्रसंगाला हो म्हटलं म्हणजे त्यातली एक फ्रेम गोठवून जाहिरातीला वापरायला हो म्हटलं असं नाही. न वापरलेलं फुटेज अंतिम संकलनानंतर ३० दिवसांत पुसायचं, तेही लेखी. कलाकाराने मागे टाकलेलं जुनं नाव फक्त बँक आणि पॅनच्या कामापुरतं, हिशेबनीसाकडे बंद पाकिटात. कॉलशीटवर, स्लेटवर, श्रेयनामावलीत कलाकार सांगेल तेच नाव.

पॅसिफिक_ते_पंचवटी
परदेशी प्रौढ-चित्रपट व्यवसायाचं विचारलं होतं म्हणून. अमेरिकेत तिथल्या कलाकारांची लैंगिक आजारांची तपासणी साधारणपणे दर १४ दिवसांनी होते. प्रत्येक कृतीसमोर हो, नाही, कदाचित अशी खूण करायची यादी असते. सॅन फ्रान्सिस्कोत शाईन लुईस ह्यूस्टन यांच्या क्विअर कंपनीसारख्या ठिकाणी सहकलाकार कोण आणि काय करायचं हे कलाकारच ठरवतात, त्यामुळे ट्रान्स पुरुषही तिथे ठोकळेबाज भूमिकेत अडकत नाहीत. वय सिद्ध करण्याच्या संघराज्य कायद्यात कलाकाराची पूर्वीची सगळी नावं नोंदवावी लागतात. वयाच्या दृष्टीने ते रास्त आहे, पण त्या फाईली सैल हाती पडल्या की ट्रान्स कलाकाराचं मागे टाकलेलं नाव बाहेर येतं.

एक प्रथा मात्र आंधळेपणाने उचलू नका. काम संपल्यावर कॅमेऱ्यासमोर 'मी स्वेच्छेने केलं' असं बोलून घेतात. पैसे त्यानंतर मिळणार असतील तर त्या वाक्याला काडीची किंमत नाही.

आणि तपासणीचं तिथलं वेळापत्रक इथे आणता येत नाही. २०१७ च्या एचआयव्ही-एड्स कायद्यानुसार नोकरीसाठी एचआयव्ही चाचणीची अट घालता येत नाही. अभिनयाच्या चुंबनाला तिची गरजही नाही. तोंडात व्रण, ओठांवर नागीण, सर्दी-ताप एवढं दोघांनाही विचारा, फक्त ट्रान्स कलाकाराला नाही.

शालीमार_चौक
घराण्यातल्या कलाकारांबद्दल कुणी लिहिलं नाही. किन्नर घराण्यातली चेली काम करत असेल तर काही निर्माते थेट गुरूशी बोलणी करतात, पैसेही तिथेच देतात. तसं करू नका. गुरूचा मान ठेवा, भेटायला जा, वेळापत्रक सांगा, पण हे कलाकाराने म्हटलं तरच. प्रसंगाचा तपशील गुरूला सांगायचा नाही आणि गुरूचा होकार हा चेलीचा होकार समजायचा नाही. मोबदला तिच्याच खात्यात. खातं नसेल तर उघडायला आठवडा आधी मदत करा.

गोदाकाठ_फ्रेम
पैशाचा मुद्दा मी पुरा करतो, कारण बाकी सगळं त्यावर टेकलं आहे. त्या दिवसाचे पूर्ण पैसे कॉलटाईमच्या आधी खात्यात. करारात वाक्य : 'प्रसंग कोणत्याही टप्प्यावर नाकारला तरी मोबदला कापला जाणार नाही.' हे नसेल तर देह-नकाशा, थांबण्याचा शब्द, समन्वयक, सगळं शोभेचं.

सिडकोचा_संकलक
आणि सकाळी नकार आला तर युनिट काय करणार? भाडं तर चालूच.

रंगपट_खुर्ची
पर्यायी प्रसंग आधीच लिहून, शॉट पाडून ठेवा. दार लोटलं जातं, खुर्चीवर पडलेली ओढणी, दोन कप, त्यातला एक भरलेलाच, आणि बाहेरच्या खोलीतून ऐकू येणारं दबकं हसू. चार शॉट, दोन तास, तेच लाईट. संकलकाने हा पर्याय आधी कागदावर जोडून बघावा, म्हणजे दिग्दर्शकाला तो तडजोड वाटत नाही. जवळिकीचा प्रसंग दिवसाच्या शेवटी लावू नका, जेवणानंतर तासाभराने ठेवा. मग नकार आला तरी उजेड हातात असतो, आणि प्रसंग झाला तर कलाकाराला नंतर वीस मिनिटं एकटं बसायला मिळतं.